निरपराध माणसाचं सोंग

त्याला पडद्यावर बघितलं की घरोघरी माणसं एकच वाक्य बोलायची, "यानंच केलंय."

अजून खून व्हायचा असायचा. प्रेताचा पत्ता नसायचा, पोलिसांची गाडी वळणावरसुद्धा आलेली नसायची, आणि हा बापडा आपल्या दारात उभा राहून शेजारणीला विचारत असायचा की तुमच्या नळाला पाणी आलं का. तेवढ्यावर जेवणाचं ताट मांडीवर घेऊन बसलेली म्हातारी घास थांबवून म्हणायची, यानंच. आणि मालिकेचा तो भाग संपेपर्यंत तसंच निघायचं.

यात म्हातारीची हुशारी फार नव्हती. त्या धंद्याची रीतच तशी आहे. गुन्ह्यांच्या मालिकेत दर आठवड्याला नवा गुन्हा, नवी माणसं. संशयित म्हणून चार-पाच जण लागतात, ते बहुतेक हौशी असतात. कुणी कालपर्यंत दुकानात कापड फाडत होता, कुणी कॉलेज सोडून आलेला, कॅमेऱ्याकडे चोरून बघणारा. त्यांना "मला काही माहीत नाही साहेब" एवढं म्हणता आलं की झालं. पण शेवटी पोलिसांपुढे बसून जो कबुली देतो त्याला रडता आलं पाहिजे, मध्येच थांबता आलं पाहिजे, पानभर बोलणं एका दमात पेलता आलं पाहिजे. तिथे कच्चं मडकं चालत नाही. म्हणून निर्माते एकच मुरलेला नट घेतात आणि खुनाचं काम त्याला देतात. बघणाऱ्यांना हे कुणी समजावून सांगितलेलं नाही. पण इतकी वर्षं बघून बघून त्यांच्या अंगात ते भिनलंय, की इतक्या नवख्या तोंडांत जे एक ओळखीचं तोंड दिसतं, बेड्या त्याच्याच हातात पडणार.

तर असं ते ओळखीचं तोंड आमच्या गावचं होतं.

आईबाप लवकर गेले. थोरल्या बहिणीने त्याला सांभाळलं, आणि ती लग्न होऊन गावातच दुसऱ्या टोकाला गेली तेव्हा त्यालाही बरोबर घेऊन गेली, जणू तो तिच्या भांड्याकुंड्यांतलाच एक. तो तिला ताई म्हणायचा, ती त्याला लहान्या. तिच्या नवऱ्याला तो दाजी म्हणायचा, आणि ऐकून ऐकून पुढे सगळं गावच त्यांना दाजी म्हणायला लागलं.

दाजी पाण्याचे पंप दुरुस्त करायचे. विहिरीवरचे, बोअरचे, खाणीतलं पाणी उपसायचे मोठे. दिवसभर ग्रीसमध्ये हात असलेला हा माणूस, पण घरातल्या पेल्यालासुद्धा कधी काळा डाग लागला नाही. कुणी बोलावलं की आधी कमरेची चिंधी काढायचे आणि एकेक बोट पुसायचे, अंगठ्यापासून करंगळीपर्यंत, जसं काही ती बोटं दुसऱ्याची आहेत आणि परत करायची आहेत. मग विचारायचे, "पाणी घेता का?" भांडायला आलेल्यालाही आधी पाणी. आणि त्यांना काही विचारलं की पटकन उत्तर द्यायचे नाहीत. खाली जमिनीकडे बघायचे, थोडा वेळ घ्यायचे, मग मान वर करून जे असेल ते सरळ सांगायचे. खोटं बोलणारा माणूस डोळ्यांत बघून घाईने बोलतो. दाजींना कसली घाई नव्हती.

त्या घरात तो वाढला. लाकडाच्या वखारीत फळ्या मोजायला लागला, पण जीव तिथे रमेना. वखारीच्या मालकाची, तलाठ्याची, दवाखान्यातल्या डॉक्टरची नक्कल करायचा आणि करवतीवरची माणसं काम थांबवून हसायची. मालकाने शेवटी हात जोडले. शहरात जायचं म्हणाला तेव्हा ताईने रडून घर डोक्यावर घेतलं. सकाळी दाजी त्याची पेटी उचलून गाडीपर्यंत आले, आणि गाडी सुटताना एवढंच म्हणाले की नाही जमलं तर लाज धरू नकोस, घर आहे.

शहरात त्याला पहिलं काम मिळालं ते प्रेताचं. मग पुष्कळ दिवस तो प्रेतच होता. भाड्याच्या बंगल्यात शूटिंग चालायचं. सकाळी ते घर वकिलाचं असायचं, दुपारी पडदे आणि सोफ्याचे अभ्रे बदलले की तेच घर शाळामास्तरचं. न्हाणीघरात रंगरंगोटीची खोली केलेली, कमोडवर फळी टाकून मेकअपवाला बसायचा. रक्त म्हणून साखरेच्या पाकात रंग कालवून अंगावर ओतायचे. तो फरशीवर श्वास रोखून पडलेला असायचा आणि मुंग्या यायच्या. प्रेताला खाजवता येत नाही. दिग्दर्शक म्हणायचा, हा चांगला मरतो, हलत नाही. वखारीतून निघालेल्या माणसाच्या वाट्याला आलेली ती पहिली शाबासकी.

मग एकदा खुन्याचं काम करणारा नट आलाच नाही. कुणीतरी म्हणालं, प्रेतालाच उभं करा. त्याला कपडे चढवले, चार पानं हातात दिली. खुनी कसा करतात ते त्याने दुसऱ्यांचं बघितलं होतं. डोळे तांबारायचे, ओठ मुडपायचे, आवाज खाली उतरवायचा. पण न्हाणीघरात बसल्या बसल्या त्याच्या मनात आलं, की ज्याला लपायचंय तो असा कशाला दिसेल? तो तर जगातल्या सगळ्यांत भल्या माणसासारखा दिसेल. आणि जगातला सगळ्यांत भला माणूस कोण, हे त्याला कुणाला विचारायची गरज नव्हती.

त्याने दाजी काढले.

पोलीस दारात आल्यावर त्याने खांद्यावरचं फडकं घेतलं, एकेक बोट पुसलं, अंगठ्यापासून करंगळीपर्यंत. म्हणाला, पाणी घेता का? त्यांनी प्रश्न विचारला तेव्हा खाली बघितलं, वेळ घेतला, मग मान वर करून सरळ उत्तर दिलं. दिग्दर्शक थांबा म्हणायचं विसरला. त्या दिवसापासून तो पुन्हा कधी प्रेत झाला नाही.

पुढे तो घरमालक झाला, शिकवणीचा मास्तर झाला, बँकेतला कारकून, मैत्रिणीचे बाबा, दूधवाला, शेजारी. माणूस बदलायचा, शर्ट बदलायचा, पण हात पुसणं, पाणी विचारणं आणि खाली बघून वर बघणं तेच. लोकांना त्याचीच भीती वाटायची. ओरडणाऱ्या खुन्याची कुणाला भीती वाटत नाही, असले खूप बघितलेले असतात. हा पाणी विचारायचा आणि बघणारा हातातला पेला खाली ठेवायचा.

इमारतीतल्या बायका त्याला येताना बघून लिफ्टचं दार लावून घ्यायच्या. फळवाला कलिंगड कापून द्यायचा आणि सुरी मुद्दाम लांब सरकवायचा, मग दोघं हसायचे. बायको म्हणायची, लोकांचं काय जातंय, या माणसाला भिंतीवरची पाल हाकलायला मी लागते.

गावात तर मजाच होती. ताईने पहिल्यांदा बघितलं आणि पदर तोंडाला लावून हसत सुटली. "अहो, बघा तरी, हुबेहूब तुम्ही." दाजी लाजले. त्यांनी हातातली चिंधी मागे लपवली आणि म्हणाले, चांगलं करतो पोरगं. रस्त्यात कुणी भेटला की विचारायचा, काय दाजी, काल कुणाचा निकाल लावलात? दाजी हसायचे, आणि विचारणाऱ्याला पाणी द्यायचे. तेव्हा ती थट्टा होती, आणि थट्टेने कुणाचं काही बिघडत नाही असं सगळ्यांना वाटायचं.

ताईच्या घरामागे एक खोली होती. तिथे आरोग्य केंद्रातली नर्स भाड्याने राहायची. तरुण, एकटी, अंगाने बारीक, सायकलवर फिरणारी. ताईला मूलबाळ नव्हतं, तिने त्या पोरीला जीव लावला. एका संध्याकाळी नर्स कामावरून परत आली नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. सायकल रस्त्याच्या कडेला सापडली. तिचे वडील, निवृत्त पोस्टमास्तर, दुरून आले आणि ताईच्या ओट्यावर बसून राहिले. पोलिसांनी झाडंझुडपं बघितली, विहिरी बघितल्या. दाजी म्हणाले, जुन्या दगडखाणीत बघितलंत का? तिथलं पाणी खोल आहे. कुणाला काही सुचेना, तेव्हा दाजींनीच आपला सगळ्यांत मोठा पंप खाणीवर नेला आणि बसून राहिले, इंजिनात तेल घालत, पाणी उतरताना बघत. पाणी तळाला गेलं तेव्हा ती दिसली.

दाजी गुडघ्यावर बसून रडले. आणि गर्दीत मागे कुणीतरी हळूच विचारलं, यांना कसं कळलं खाणीतच आहे म्हणून?

फौजदार घरी आला. दाजींनी चिंधी काढली, बोटं पुसली, म्हणाले, साहेब, पाणी घेता का? मागे उभ्या असलेल्या दोन शिपायांनी एकमेकांकडे बघितलं. ताईने ते बघितलं. ते काय बघत होते ते मात्र तिला तेव्हा उमगलं नाही.

दाजींना धरून नेलं. खटला रखडत चालला. पुरावा काहीच नव्हता, त्या संध्याकाळी ते तीन गावं पलीकडे एका मळ्यात पंप उघडून बसले होते आणि मळेवाल्याने तसं शपथेवर सांगितलं. न्यायाधीशांनी निर्दोष सोडलं. पण तोवर दाजी आत पुष्कळ राहून आले होते, आणि खरा खुनी कोण ते काही सापडलं नाही, आजवर सापडलेलं नाही.

सुटून आल्यावर त्यांना कुणी बोलावेना. पंप बिघडला तर लोक तालुक्याहून माणूस आणायचे. मग एका उन्हाळ्यात मळ्यातल्या एका म्हातारीचा पंप बंद पडला, तालुक्याचा माणूस येईना, आणि उभं पीक माना टाकायला लागलं. म्हातारी स्वतः येऊन ओट्याखाली उभी राहिली आणि म्हणाली, दाजी, चल बाबा, माझं रान जळतंय. ते गेले. पाणी आलं. तिच्या मागून दुसरा आला, मग तिसरा. नर्सचे वडीलसुद्धा एकदा आले, चहा घेतला, आणि जाताना दाजींच्या खांद्यावर हात ठेवून गेले. ताईने घडी घालून आत ठेवलेली खुर्ची पुन्हा ओट्यावर काढली. घर हळूहळू माणसांत येत होतं. त्या दोघांना या वयात दुसरं काही नको होतं. आपल्या गावात, आपल्या ओट्यावर, कुणी हाक मारावी आणि आपण जावं, एवढंच.

आणि तेव्हाच मालिकेच्या लेखिकेला ती जुनी बातमी सापडली.

नटाला ते मेकअपच्या खुर्चीत कळलं. तोंडाला अर्धा रंग लागलेला तसाच उठून तो दिग्दर्शकाकडे गेला आणि म्हणाला, ही माझ्या बहिणीच्या घरची गोष्ट आहे. दिग्दर्शक वाईट माणूस नव्हता. त्याने त्याला बसवलं. म्हणाला, काका, आपण त्यांना खुनी दाखवतच नाही आहोत. उलट, एका साध्या माणसावर कसा आळ आला, ते दाखवायचंय. चांगलं होईल त्यांचं. आणि हा भाग होणार, हे वरून ठरलंय. त्या कामाला त्याने एक धिप्पाड, दाढीवाला पोरगा बघून ठेवला होता.

त्या पोरट्याने दाजींना हात लावावा हे नटाला सहन होईना. आणि दुसरंही एक होतं, ते त्याने बायकोलाही सांगितलं नाही. इतक्या वर्षांत त्याला एकदाही निरपराध माणूस करायला मिळाला नव्हता. त्याला वाटलं, मी करीन. असा करीन की बघणाऱ्याच्या मनात तिळभर शंका उरणार नाही. कोर्टाने कागदावर सोडलं, मी त्यांना लोकांच्या मनातून सोडवीन. त्याने ते काम मागून घेतलं.

मेकअपवाला त्याचा जुना सोबती. तोंड पुसता पुसता म्हणाला, "नको करूस. तुझं तोंड आधी पोचतं, तू मागून जातोस." नट म्हणाला, मग तू कशाला आहेस? मेकअपवाल्याने स्पंज पाण्यात बुडवला आणि म्हणाला की एवढा रंग माझ्याकडे नाही.

ताईला फोन केला. ती म्हणाली की आत्ता कुठे खपली धरली आहे, कशाला काढायची? त्याने समजावलं, की कुणीतरी काढणारच आहे, निदान हात आपला असू दे. मग दाजींनी फोन घेतला. ते खाली जमिनीकडे बघत असणार, कारण पलीकडून थोडा वेळ काहीच आलं नाही.

"तू करतोयस ना?" ते म्हणाले. "मग नीट कर."

त्याने जीव ओतला. खाणीच्या काठावर बसून तो रडला तेव्हा आवाजाची यंत्रं सांभाळणाऱ्या माणसाने कानावरचे हेडफोन काढून डोळे टिपले. पोलीस दारात आले तेव्हा त्याने चिंधी काढली, बोटं पुसली, पाणी विचारलं. दुसरं करणार काय? ते दाजीच तर होते. आता कुठे तो ते ज्याचं त्याला परत देत होता. घरी येऊन बायकोला म्हणाला, आज मी पहिल्यांदा काम केलं.

तो भाग लागला त्या दिवशी आमच्या गावात रस्त्यावर कुत्रं नव्हतं. पहिल्याच दृश्यात तो पंपापाशी बसलेला दिसला, हात पुसत. आणि घरोघरी, सवयीने, हसत हसत, कुणी ना कुणी बोलून गेलं, यानंच केलंय.

मग हा कोण आहे ते आठवलं आणि हसू तोंडातच राहिलं.

पण शब्द बाहेर पडून गेला होता. पुढे त्याने जे जे केलं ते लोकांनी त्या शब्दामागून बघितलं. तो रडला तर लोकांना वाटलं, किती पक्का आहे. पाणी विचारलं तर हातातले पेले खाली ठेवले गेले. कोर्टाने सोडलं आणि शेवटी काळ्या पडद्यावर अक्षरं आली, की खुनी आजही मोकाट आहे. त्या मालिकेत बेडी न पडता भाग संपला असं कधी झालं नव्हतं. लोक अक्षरं गेल्यावरही तसेच बसून राहिले, काहीतरी राहून गेल्यासारखे. सगळ्यांच्या डोळ्यांपुढे एकच चेहरा होता, आणि तो सुटला होता.

त्या आठवड्यात दाजींना कुणी बोलावलं नाही. पुढच्याही नाही. मळ्यातल्या म्हातारीने निरोप पाठवला की पोराने नवा पंप बसवलाय, आता येऊ नका. रस्त्यावरून जाणारी पोरं मागून ओरडायची, पाणी घेता का? आणि पळून जायची. ताईने खुर्ची आत घेतली.

मग नर्सचे वडील आले. ओट्यावर चढले नाहीत, अंगणात उभे राहिले. म्हणाले, मी आता जास्त दिवसांचा नाही. मी कुणाला सांगणार नाही. मला फक्त खरं सांगा. दाजींनी खाली जमिनीकडे बघितलं. थोडा वेळ घेतला. जन्मभर जसं उत्तर देत आले तसंच द्यायचं होतं त्यांना. पण मान वर केली तेव्हा म्हातारा पाठ वळवून फाटकाकडे निघाला होता. त्याला त्याचं उत्तर मिळालं होतं.

ताईने हे फोनवर सांगितलं आणि नट हातातलं काम टाकून गावी आला. घरी न जाता तो आधी दुकानांपुढच्या मोकळ्या जागेत उभा राहिला. माणसं जमायला वेळ लागला नाही, एवढा मोठा नट आलेला. त्याने त्यांना हात जोडले. म्हणाला की मी या माणसाच्या घरात वाढलो, यांच्या ताटातलं खाल्लं. मी जे खुनी करतो ते सगळे यांच्याकडून चोरलेले आहेत. चांगुलपणा यांचा आहे, खून माझे आहेत. बोलता बोलता त्याचा आवाज फुटला, डोळ्यांतून पाणी आलं. त्यातलं काहीही त्याने केलेलं नव्हतं, ते आपोआप होत होतं. बायकांनी पदर डोळ्यांना लावले. त्याला वाटलं, पोचलं.

मग पुढे उभा असलेला दुकानदार मान हलवत म्हणाला, "काय काम करता हो तुम्ही. अंगावर काटा आला."

कुणीतरी टाळी वाजवली. मग सगळ्यांनीच वाजवली.

तो तिथून घरी गेला. दाजी ओट्याच्या आत, दारामागे, एका जुन्या पंपाची चक्री घेऊन बसले होते. त्याला बघून उठले. हात कोपरापर्यंत काळे होते. कमरेला चिंधी नव्हती. ते तसेच उभे राहिले, हात अंगापासून लांब धरून, आणि पाणी विचारलं नाही. तो काहीतरी बोलला, कसे आहात वगैरे. त्यांनी जमिनीकडे जाणारी नजर मध्येच थांबवली आणि घाईघाईने, त्याच्या डोळ्यांत बघत म्हणाले, बरा आहे, बरा आहे. दाजींना घाई करताना त्याने कधी बघितलं नव्हतं. एखादा चोर बोलावा तसे ते बोलले.

ताईने पेला आणून ठेवला. पेल्यावर काळी बोटं उमटलेली होती, आधीची, आणि तिने ती घासली नव्हती.

"त्यांनी सोडून दिलंय," ती म्हणाली. "हात पुसत नाहीत. कुणाला पाणी विचारत नाहीत. मी म्हणते, घरात तरी पुसा. म्हणतात, मग बाहेर सवय सुटणार नाही."

तो म्हणाला की ताई, मी चांगल्यासाठी केलं.

"माहीत आहे. आताचं नाही बोलत मी." ती खाली बसली. "लहान्या, ते शिपाई पहिल्या दिवशी आले ना, तेव्हा यांनी पाणी विचारलं आणि त्यांनी एकमेकांकडे बघितलं. मला तेव्हा नाही कळलं. परवा टीव्हीत तू तेच केलंस, आणि मला कळलं ते काय बघत होते. ते तुला बघत होते. ते पहिल्यापासून तुलाच बघत होते."

चार पानं एका दमात पेलणारा माणूस, पण इथे कुणी पानं लिहून दिली नव्हती. दाजी मध्ये पडले. म्हणाले, जाऊ दे गं, पोरगं उन्हातून आलंय. आणि सवयीने कमरेकडे हात गेला, तिथे चिंधी नव्हती, हात तसाच परत आला.

पावसाळ्याच्या आधी त्यांनी घर विकलं. पंप आणि हत्यारं टेम्पोत भरताना तो मदतीला आला होता. गावातलं कुणी आलं नव्हतं. मोठा पंप, खाणीवर नेलेला, दाजींनी बरोबर घेतला नाही, मागच्या खोलीत ठेवून दार ओढून घेतलं. निघताना ताईने त्याच्या तोंडावरून हात फिरवला, लहानपणी फिरवायची तसा, आणि म्हणाली की तिकडे येऊ नकोस. रागाने नाही म्हणाली. लोक तुला ओळखतात, मग आम्हाला ओळखतील, एवढंच.

तो अजून काम करतो. हात पुसणं सोडलं, पाणी विचारणं सोडलं, खाली न बघता उत्तरं देतो. दिग्दर्शक म्हणतात, काका, तुमचं ते आधीचं जरा आणा ना, लोकांना ते आवडतं. तो नाही म्हणतो. आता त्याला कामं कमी येतात, एखाददुसरं, वकिलाचं वगैरे. बायको पालीवरून चिडवत नाही.

पण जुने भाग चॅनलवाले पुन्हा पुन्हा दाखवतात. दुपारी, सकाळी, कधीही. त्याला कुणी विचारत नाही. आणि नव्या गावातही माणसं टीव्ही बघतातच. तिथे दाजींना पंपाची कामं मिळायला लागली होती, मनात काही न धरता कुणी हाक मारायचं, आणि त्या मोकळ्या हवेत जुनी सवय हळूच परत आली. एका बाईने चहा देता देता सहज म्हटलं, तुम्ही हात पुसता ना, तसा एक नट आहे बघा, खुनाचं काम करतो. ती हसली. दाजीही हसले. घरी येऊन त्यांनी ताईला सांगितलं, आणि ताईने फोन केला.

आता तिचा फोन दर आठवड्याला येतो. ख्यालीखुशाली फार नसते. त्याने त्याआधी चॅनलच्या कचेरीत फोन करून विचारून ठेवलेलं असतं. ती विचारते, "कधी आहे?" तो सांगतो, मंगळवारी दुपारी एक जुना भाग आहे, शुक्रवारी सकाळी एक. ती म्हणते, बरं. त्या दिवशी आणि त्याच्या दुसऱ्या दिवशी दाजी कामावर जात नाहीत.